खूनी शीशनगरातली आई

मित्रांनो, मी एक जुना माईक आहे. मला डोळे नाहीत. माणसं मला दिसत नाहीत, ऐकू येतात. आवाजावरून माणूस ओळखण्यात माझा हात धरणारा अजून जन्मायचा आहे. आता मला हातच नाही ही गोष्ट वेगळी, पण तुम्ही समजून घ्या. आज मी तुम्हांला माझी कहाणी सांगणार आहे, आणि ती रडगाणं नाही हे आधीच सांगून ठेवतो. जुन्या वस्तू बोलायला लागल्या की लोक रुमाल काढतात. तुमचे रुमाल खिशातच राहू द्या.

माझा जन्म एका थंड मुलखातल्या लहानशा कारखान्यात झाला. तिथल्या एका बाईनं कांद्याच्या पापुद्र्याहून पातळ असा पडदा माझ्या छातीवर ताणून बसवला. काम करताना ती गुणगुणत होती. मी ऐकलेला पहिला आवाज तिचा. मग लाकडी खोक्यात भुशावर निजून मी बोटीनं मुंबईला आलो आणि अंधेरीच्या एका स्टुडिओत गाण्यांसाठी उभा राहिलो. काय ते दिवस होते! मोठमोठे गवई माझ्यापुढे येऊन आधी नमस्कार करत. दसऱ्याला मला झेंडूची माळ मिळे. माझ्या अंगावर कुणी फुंकर जरी मारली तरी मालक त्याच्या अंगावर धावून जाई.

पुढे गाण्यांचा धंदा बसला आणि स्टुडिओ चौबेजींनी घेतला. चौबेजी मथुरेचे. ते ध्वनिमुद्रण करत, आणि त्यांच्या स्टुडिओत परदेशी चित्रपट हिंदी बोलायला शिकत. पडद्यावर गोरा नायक तोंड उघडे आणि माझ्यासमोर उभा असलेला गोरखपूरचा कुणी पोरगा त्या तोंडात हिंदी शब्द बसवे. यालाच डबिंग म्हणतात. लोक त्याला हसत. ओठ एकीकडे आणि बोलणं भलतीकडे, अशी त्याची टिंगल चाले. पण त्या बंद खोलीत घाम गाळणारी माणसं मी ऐकली आहेत, म्हणून मला कधी हसू आलं नाही.

आमच्या खोलीचे नियम कडक होते. चपला बाहेर. बांगड्या, घड्याळ बाहेर. आणि सर्वांत मोठा नियम म्हणजे, उपाशी पोटी माझ्यासमोर उभं राहायचं नाही. रिकामं पोट गुरगुरतं, मित्रांनो, आणि मला ते ढगांच्या गडगडाटासारखं ऐकू येतं. म्हणून काचेपलीकडे बसलेले चौबेजी प्रत्येकाला आधी एकच प्रश्न विचारत, "खाल्लंस का काही?" नाही म्हटलं की डब्यातली पुरी हातावर पडे. मथुरेचे चौबे खाण्यासाठी प्रसिद्ध; त्यांच्या घरचा डबा तो, त्याला तळ नव्हता.

या खोलीत माझी खरी मैत्रीण होती कनीजआपा. लखनौच्या कनीज फातिमा. वय साठीला टेकलेलं, तोंडात कायम ज्येष्ठमधाची काडी. ती येण्याआधी तिचं रिक्षावाल्याशी चाललेलं भांडण येई. आवाज जाड, किंचित फाटलेला, पण आतून उबदार. कामं मात्र तिला मिळत ती चेटकिणीची, खाष्ट सासूची, रडक्या बाळाची आणि कोंबडीची.

"परवा कोंबडी, काल चेटकीण, आज पुन्हा कोंबडी," ती म्हणायची. "चौबेजी, माझी बढती कधी?"

"आपा, तुमच्यासारखी कोंबडी सगळ्या हिंदुस्थानात नाही."

"ऐकलंत? लखनौला माझी सख्खी बहीण विचारते, सिनेमात तू नक्की करतेस काय? काय सांगू तिला? अंडी घालते म्हणून सांगू?"

मग एके दिवशी चौबेजींनी नवा माईक आणला. चकचकीत होता म्हणे. मी काय सांगणार, मला तर फक्त त्याचा गर्व ऐकू आला. मला मखमली पिशवीत घालून जुन्या वायरींच्या कपाटात टाकलं. तिथे झुरळांच्या एका कुटुंबाशिवाय माझ्याशी कुणी बोललं नाही. त्या कपाटातच माझा शेवट झाला असता, पण आपानं दंगा केला. "मला माझा म्हातारा पाहिजे! हा नवा पोरगा चुगलखोर आहे. घशातली एकूण एक खरखर वर जाऊन सांगतो. म्हातारा निदान पोटात घालतो." अशा रीतीनं मी बाहेर आलो, आणि नव्याच्या शेजारी माझी जागा झाली. आपा आली की मी, बाकी सगळे नव्याकडे.

त्या घशाचंच दुखणं होतं. डॉक्टरांनी आपाला सांगितलं होतं, स्वरतंतूंवर गाठी आहेत, शस्त्रक्रिया करावी लागेल, आणि नंतर हाच आवाज राहील याची हमी नाही. हे तिनं कुणाला सांगितलं नव्हतं. चौबेजी बाहेर गेले होते तेव्हा माझ्याजवळ तोंड आणून ती हळूच म्हणाली होती, "म्हाताऱ्या, आवाज जायच्या आत एक काम असं मिळू दे, की डोळे मिटून ऐकणाऱ्यानंसुद्धा म्हणावं, ही कनीज. बस, तेवढंच." मी काय बोलणार? बोलणं माझ्या नशिबात नाही. मी फक्त ऐकलं, आणि ते आजवर विसरलो नाही.

आणि मग तो चित्रपट आला. हिंदीत त्याचं नाव ठेवलं होतं 'खूनी शीशनगर', म्हणजे काचेचं खुनी शहर. नाव ठेवणाऱ्याचा हात कोण धरणार! गोष्ट मात्र विलक्षण होती. लीना नावाची तरुणी एका सुंदर शहरात राहते. तिची आई सुरुवातीलाच वारते. मग लीनाला शंका येऊ लागते, की रोजची सकाळ अगदी कालच्यासारखीच का? तोच पक्षी त्याच तारेवर कसा? शोधता शोधता तिला कळतं, की शहर खोटं आहे. खरी माणसं काचेच्या पेट्यांत झोपलेली आहेत आणि एक प्रचंड यंत्र त्यांना हे शहर स्वप्नात दाखवतं आहे. त्या यंत्राला चेहरा नाही. आहे तो फक्त आवाज, भोंग्यांतून घुमणारा.

चोरी होऊ नये म्हणून परदेशच्या मालकांनी चित्रपट तुकड्या-तुकड्यांनी पाठवला, आणि शेवटचा तुकडा तर आपल्या मुठीतच ठेवला. सक्सेना म्हणून भोपाळचा तरुण दिग्दर्शक होता, संवादही तोच लिही. त्यानं डबिंगवाल्यांच्या रिवाजाप्रमाणे पडद्यावरचे चेहरे पाहून आवाज वाटले. आईची चारच दृश्यं होती, ती आपाला दिली. यंत्र दिलं ठाकूर बलभद्रसिंहांना. हे रीवाचे. आकाशवाणी, राक्षस, भूत आणि लिफ्टमधली सूचना, जिथे जिथे भारदस्त आवाज लागे तिथे ठाकूरसाहेब. ते साधं "चहा" म्हणाले तरी माझ्या स्प्रिंगा थरथरत.

"आपाजान, चार दृश्यांत मरता म्हणे तुम्ही?" ठाकूर चिडवत.

"मरते तरी चेहऱ्यानिशी, ठाकूरसाहेब. तुमच्यासारखी भोंग्यात नाही कोंडलेली."

पण मित्रांनो, मला पहिल्या दिवसापासून एक गोष्ट ठाऊक होती. वाक्य म्हणण्याआधी कलाकाराच्या कानावरच्या हेडफोनात मूळ परदेशी वाक्य वाजतं, आणि त्यातलं थोडं बाहेर सांडतं. मी वीतभर अंतरावर. आपाच्या हेडफोनातून सांडलेली आई आणि ठाकुरांच्या हेडफोनातून सांडलेलं यंत्र, दोघांचा आवाज एकाच बाईचा होता! यंत्राचा घुमवलेला, खोल केलेला, पण श्वास तोच, शब्दाच्या शेवटी थांबणं तेच. आणि दोघं पुन्हा पुन्हा एकच वाक्य म्हणत. सक्सेनानं आईच्या कागदावर त्याचं "खाल्लंस का काही, बेटा?" असं केलं होतं, आणि मशीन कुठे जेवणाचं विचारतं, म्हणून यंत्राच्या कागदावर त्याच वाक्याचं "ऊर्जेची पातळी तपासली जात आहे." डोळस माणसं पडद्यावरचे लाल-हिरवे दिवे आणि लोखंड बघत होती. मला ते दिसत नव्हतं, म्हणून मला खरं तेच ऐकू आलं. मी आतल्या आत तडफडलो. पण माझ्या तोंडाला वायर असते, जीभ नसते.

शेवटचा तुकडा आला तो काम पोहोचवायच्या आदल्या दिवशी सकाळी. ठाकूर तयार, सक्सेना घाईत. आपाला गर्दीत किंचाळण्यासाठी बोलावलं होतं, ती कोपऱ्यात बसली होती. आणि ऐन वेळी चित्र दाखवणाऱ्या टीव्हीनं मान टाकली. एक 'फट्' ऐकू आलं आणि चित्र गेलं.

"गेलं!" सक्सेना ओरडला. "आता काय डोंबल करायचं?"

"आवाज आहे," चौबेजी म्हणाले. "टीव्ही दुरुस्त करणारा येईपर्यंत नुसतं ऐकून घ्या."

खोलीतल्या स्पीकरवर शेवटचा प्रसंग सुरू झाला. यंत्र बंद करायचा खटका लीनाच्या हातात आहे. ती विचारते, तू कोण आहेस? मग यंत्राचा आवाज येतो, एकच छोटं वाक्य. त्यावर लीना रडू लागते.

"ही का रडली?" सक्सेना पुटपुटला. "मशीननं तर ऊर्जेचं विचारलं."

आपाच्या तोंडातली ज्येष्ठमधाची काडी कडकन मोडली. ती उठून उभी राहिली. "चौबेजी, पुन्हा लावा. अरे, ही तर माझी बाई!"

"कुठली बाई, आपा? मशीन आहे ते."

"मशीन असेल तुझ्या कागदावर! चार दृश्यं मी या बाईच्या श्वासाशी श्वास लावलाय. माझी सख्खी झालीय ती. लीनाची आईच यंत्र झालीय, सक्सेना. आणि ती ऊर्जा-बिर्जा काही विचारत नाही. पोरीला विचारतेय, खाल्लंस का काही."

चौबेजींनी आईचं जुनं दृश्य लावलं, मग यंत्र, मग पुन्हा आई. ठाकुरांचा श्वास मला ऐकू आला, जड झालेला. त्यांचं सगळं काम पुसलं जाणार होतं.

"दिवसरात्र घसा फोडलाय मी," ते म्हणाले. "आणि आता एका बाईच्या कानावर विसंबून..." ते थांबले. "पुन्हा लावा." पुन्हा ऐकून झाल्यावर त्यांनी घसा खाकरला. "आपा, आजवर मी देवाचे आवाज दिले. पण आईपुढे देवाचं काय चालतं? तुम्ही बोला."

सक्सेनाची मात्र गाळण उडाली होती. "लोक हसतील, आपा! मायाळू मशीन? आणि पूर्ण चित्रपटाचं यंत्र संध्याकाळपर्यंत? तुमचा घसा..."

"घशाचं मी बघते. तू कागद नीट कर."

तेवढ्यात दुरुस्तीवाला येऊन टीव्ही सुरू करून गेला. आपा माझ्यासमोर उभी राहिली आणि पहिलंच वाक्य फसलं. तिनं यंत्रासारखं कडक म्हटलं, ते कोंबडीला ताप आल्यासारखं वाटलं. दुसऱ्यांदा खूप लाडानं म्हटलं, ते जाहिरातीतल्या साबणासारखं झालं. तिसऱ्यांदा आवाजच फाटला. तेवढ्यात तिच्या पोटात जोरदार गुरगुरलं आणि काचेपलीकडून चौबेजींचा सवयीचा प्रश्न आला, "आपा, खाल्लं का काही?"

आपा हळूच म्हणाली, "चौबेजी, इतकी वर्षं तुम्ही मला हे विचारता. खरं सांगा, माझ्या काळजीनं विचारता, की तुमच्या टेपच्या?"

चौबेजी गडबडले. माणूस प्रामाणिक होता. "दोन्ही, आपा."

"दोन्ही!" आपानं टाळी वाजवली. "सापडली! मला सापडली ही बाई! तिचं पोरांवर प्रेमही आहे आणि त्यांना झोपवून ठेवण्यात तिचा स्वार्थही आहे. आणा तो डबा."

तिनं उभ्या उभ्या दोन पुऱ्या खाल्ल्या, पाणी प्यायली, आणि माझ्याजवळ आली. इतकी जवळ, की ज्येष्ठमधाचा वास मला आवाजात ऐकू आला. मोठ्यानं बोलायची ताकद घशात नव्हतीच. ती कुजबुजली, "खाल्लंस का काही, बेटा?"

मित्रांनो, नवा माईक त्या कुजबुजीतली खरखर मोजत बसला असता. मी माझा म्हातारा पडदा सगळा उघडा केला. जन्मल्यापासून जे काही ऐकलं होतं, त्या थंड मुलखातल्या बाईच्या गुणगुणण्यापासून, ते सगळं पणाला लावलं आणि आपाचा एकही श्वास खाली पडू दिला नाही. काचेपलीकडे सक्सेना म्हणाला, "माझ्या अंगावर काटा आला." मग आम्ही थांबलो नाही. ठाकूर दाराशी उभे राहून तिला दर वाक्याआधी हलक्या चुटकीनं खूण करत होते आणि कोमट पाणी देत होते. दिवेलागणीला शेवटचं वाक्य झालं. आपाचा आवाज पार बसला होता, पण काम हातावेगळं झालं होतं.

चौबेजींना एक नाद होता. गर्दीचे खरे आवाज टिपून ठेवायला ते कुठेही जात. म्हणून चित्रपट लागला तेव्हा त्यांनी मला पिशवीत घालून भिवंडीला नेलं. शुक्रवार होता, यंत्रमागांना सुट्टी, आणि आजमगड-मऊकडची विणकर मंडळी बायकापोरांसह थिएटरात लोटली होती. मला प्रोजेक्टरच्या खोलीच्या झरोक्यात ठेवलं. बरोबर खालच्या रांगेत आपा आणि ठाकूर बसले. केवढा गलका! शिट्ट्या, शेंगांची टरफलं, रडणारी पोरं, अंधारात जागा शोधणारे म्हातारे.

आईची दृश्यं झाली, ती वारली, आणि मग यंत्र पहिल्यांदा बोललं, "खाल्लंस का काही, बेटा?"

थिएटर खदखदून हसलं. "अरे, मशीन आहे का मावशी?" कुणीतरी ओरडलं. आपाची खुर्ची कुरकुरली, ती उठून निघत होती. ठाकूर पुटपुटले, "थांबा आपा, थांबा. अजून दळण जात्यात आहे."

दुसऱ्या वेळी हसणारे कमी झाले. काचेच्या पेट्यांचा प्रसंग आला आणि यंत्रानं त्या झोपलेल्या प्रत्येकाला तोच प्रश्न विचारला, तेव्हा हसणारं कुणी उरलं नाही. शेंगांचं टरफलही वाजेना. शेवटी खटका लीनाच्या हातात आला आणि तिनं विचारलं, तू कोण आहेस? आपाची ती कुजबुज भोंग्यांतून साऱ्या थिएटरवर उतरली, "खाल्लंस का काही, बेटा?"

मग पुढच्या रांगांतून एक विणकर ओरडला, "अरे, ही तर तिची आई!" आणि थिएटर उसळलं. कुणी रडत होतं, कुणी शिट्ट्या मारत होतं, पडद्यावर नाणी खणखणत होती. लीना म्हणाली, "पोट भरलं, आई," आणि तिनं खटका ओढला. तेव्हा जो टाळ्यांचा कडकडाट झाला, तसा मी गवयांच्या जमान्यातही ऐकला नव्हता.

खेळ संपला. आपाच्या पुढच्या रांगेतली एक बाई शेजारणीला सांगत होती, "मी पहिल्याच वेळी ओळखलं होतं. पोराला मांडीवर थोपटत डोळे मिटून बसले होते ना, तर वाटलं, ही मघाशी मेली आणि परत बोलतेय कशी?"

डोळे मिटून! मित्रांनो, तुम्हांला आठवतं ना?

आपा पुढे वाकली. "बेटी, तो आवाज माझा आहे."

"चला, काहीतरीच! ती विलायती बाई होती."

आपानं वाद घातला नाही. आयुष्यात पहिल्यांदाच घातला नसेल. बसलेल्या घशानं ती फक्त हळूच म्हणाली, "खाल्लंस का काही, बेटा?"

त्या बाईच्या मांडीवरचं पोर झोपेतच म्हणालं, "हो, खाल्लं."

"या अल्ला!" बाई किंचाळली. "अहो, इकडे बघा, आई इथे बसलीय! शीशनगरची आई!"

निघालेली माणसं थबकली. आणि मग ठाकूर बलभद्रसिंह उठले. त्यांनी आपली ती आकाशवाणी बाहेर काढली, आणि थिएटरच्या भिंती हादरवत सांगितलं, "लोकहो! या लखनौच्या कनीज फातिमा! आवाज यांचा आहे!"

पुढचं मला नीट सांगता येत नाही, कारण टाळ्यांनी माझा पडदा थरथरत होता. पण त्या गदारोळात एक आवाज मी अचूक ओळखला. आपा रडत होती आणि रडता रडता ठाकुरांना दरडावत होती, "जरा सुरात ओरडा हो, नाव फाटलं माझं!" चौबेजींनी त्या दिवशीची टेप कधी कुठल्या चित्रपटातल्या गर्दीच्या आवाजासाठी वापरली नाही. ती त्यांनी लखनौला, आपाच्या बहिणीला पाठवली.

पुढे शस्त्रक्रिया झाली. आवाज थोडा बदलला, आणखी जाड झाला, पण राहिला. आता तिच्यासाठी भूमिका थांबून राहतात. कोंबडीचं काम मात्र ती अजून मागून घेते. दुसरं कुणी नीट करत नाही म्हणे.

मित्रांनो, अशी माझी कहाणी. तुमच्या घरीही एखादी जुनी वस्तू मखमली पिशवीत पडून असेल. एखादं जुनं माणूसही कोपऱ्यात तोच तोच प्रश्न रोज विचारत बसलेलं असेल. पिशवी उघडा, धूळ पुसा. त्या माणसाजवळ जा, आणि एकदा डोळे मिटून ऐका. डोळ्यांना काहीही दाखवून फसवता येतं, पण आवाजातलं माणूस तेच राहतं.

इतकी वर्षं चौबेजींनी माझ्यापुढे उभ्या राहिलेल्या प्रत्येकाला तो प्रश्न विचारला, मला मात्र कुणी विचारला नव्हता. भिवंडीहून परतल्यावर आपानं मला पिशवीतून काढलं, पदरानं पुसलं आणि माझ्याजवळ तोंड आणून विचारलं, "खाल्लंस का काही, म्हाताऱ्या?"

मला उत्तर देता आलं नाही. पण मित्रांनो, माझं पोट तुडुंब भरलं होतं.